अनुभवाची शिदोरी

कल्याण हे मोठे जंक्शन आहे. घाटावरून उतरणारे दोन लोहमार्ग येथे एकमेकांना भेटतात. एक बोरघाट उतरून कर्जतकडून येतो, दुसरा थळघाट उतरून कसाऱ्याकडून येतो. १८५३ साली १६ एप्रिल रोजी बोरीबंदरापासून ठाण्यापर्यंत आगगाडी धावली आणि पुढच्याच वर्षी ती कल्याणला पोहोचली. पुढे डोंगर फोडून लोहमार्ग देशावर गेले, आणि देशावरची माणसे पोटासाठी त्याच मार्गाने खाली उतरू लागली. कोणी परळच्या गिरणीत लागला, कोणी गोदीत हमाल झाला. पुढे ठाण्याला, डोंबिवलीला कारखाने निघाले, तेव्हा कोणी तेथेच राहिला.

भल्या पहाटे गाडीतून उतरणाऱ्या त्या माणसाजवळ असे तरी काय? एक घोंगडी, एक पितळी तांब्या, फडक्यात बांधलेली भाकरी आणि कांदा. तेवढी भाकरी एका दिवसात संपे. परंतु त्याच्याजवळ आणखी एक शिदोरी असे, ती मात्र डोळ्यांना दिसत नसे. मागे राहिलेले घर, वेशीवर डोळे पुसत उभी असलेली माणसे, गावात सोसलेला अपमान, वाटेत सोसलेली भूक, हे सारे तो मनात बांधून आणी. बहुतेकांनी ही शिदोरी कधी कोणापुढे उघडलीच नाही. गरिबीची कथा सांगण्यात कसला मोठेपणा, असे त्यांना वाटे. दुःख झाकून ठेवावे, चारचौघांत हसून दाखवावे, हीच जगाची रीत.

ही शिदोरी भरल्या मैदानात, हजारो लोकांसमोर उघडणारा एक कलावंत महाराष्ट्रात होऊन गेला. त्याचे नाव शाहीर अण्णाभाऊ साठे.

अण्णाभाऊंचे मूळ नाव तुकाराम. आईचे नाव वालुबाई, वडिलांचे भाऊराव. १ ऑगस्ट १९२० रोजी वाळवा तालुक्यातील वाटेगाव या गावी त्यांचा जन्म झाला. घरात अठराविश्वे दारिद्र्य. मातंग समाजात जन्म झाल्यामुळे गावकुसाबाहेरचे जिणे वाट्याला आलेले. गावातील विहीर, देऊळ, शाळा ही सारी त्या काळी अशा मुलांसाठी दुरूनच पाहायची ठिकाणे होती. तुकाराम शाळेत गेला, पण त्याचे शिक्षण जेमतेम दीड दिवस चालले. जेथे प्रेमाने अक्षर शिकवायचे तेथे छडी आणि हेटाळणी पदरी आली, तेव्हा त्या मानी मुलाने शाळेकडे पाठ फिरविली.

शाळा सुटली तरी शिकणे सुटले नाही. रानावनात हिंडावे, दांडपट्टा खेळावा, जत्रेत तमाशा पाहावा, पोवाडे आणि लावण्या कानांवर पडताच मुखोद्गत कराव्यात, हीच त्याची शाळा झाली. नात्यातील बापू साठे यांचा तमाशाचा फड होता. ढोलकीवर हात कसा पडतो, तुणतुण्याची तार केव्हा छेडावी, कोणत्या शब्दाला लोक हसतात आणि कोणत्या शब्दाला गप्प होतात, हे त्या वातावरणात मिळालेले शिक्षण कोणत्याही पुस्तकात नव्हते.

अण्णाभाऊ अकराबारा वर्षांचे असतील. म्हणजे हा पाठ वाचणाऱ्या मुलांएवढेच. गावात पोट भरेना, म्हणून भाऊराव कुटुंबाला घेऊन मुंबईला निघाले. गाडीभाड्याला पैसे नव्हते, म्हणून ते सारे पायी निघाले. सुमारे दोनशे मैलांची ती वाट. दिवसभर चालावे, मिळेल तेथे काम करावे, मिळेल ते खावे आणि रात्री उघड्यावर अंग टाकावे. घाट उतरताना त्या मुलाच्या पायांना किती फोड आले असतील, याचा हिशेब कोणी ठेवला नाही. त्या मुलाने मात्र तो ठेवला. पुढे त्याच्या लेखणीतून उतरलेली कितीतरी माणसे अशीच पायपीट करणारी, अशीच उपाशी आणि अशीच ताठ मानेची आहेत.

मुंबईने त्यांचे स्वागत केले नाही. मुंबई कोणाचेच करीत नाही. कोळसे वेचणे, फेरीवाल्याच्या मागून कापडाचे गाठोडे वाहणे, गिरणीत झाडू मारणे, अशी हाताला येतील ती कामे त्यांनी केली. रस्त्याने जाताना दुकानांच्या पाट्या दिसत, भिंतींवर सिनेमाच्या जाहिराती दिसत. त्यांवरील एकेक अक्षर ओळखत, जुळवीत ते वाचायला शिकले. शाळेने ज्याला दीड दिवसात परत पाठविले, त्याला अखेर या शहराच्या भिंतींनी साक्षर केले.

रशियात मॅक्झिम गॉर्की नावाचा एक थोर लेखक झाला. तोही लहानपणी पोरका झाला, भाकरीच्या कारखान्यात राबला, बोटीवर भांडी घासत राहिला. त्याला विद्यापीठाचे दार उघडले नाही, म्हणून त्याने त्या खडतर दिवसांनाच आपले विद्यापीठ म्हटले. इंग्लंडमध्ये चार्ली चॅप्लिन नावाच्या मुलाने लहानपणी काही काळ अनाथगृहात काढला. मोठेपणी तो फाटक्या जोड्यांचा, ढगळ विजारीचा भणंग होऊन पडद्यावर आला. एका चित्रपटात भुकेने व्याकुळ झालेला तो भणंग आपला जोडा शिजवून खातो, आणि सारे जग पोट धरून हसते. ते हसू भुकेच्या पोटी जन्मलेले आहे, हे नीट पाहणाऱ्यालाच कळते. अण्णाभाऊ याच कुळीतले. त्यांना तर पुढे महाराष्ट्राचा गॉर्कीच म्हटले जाऊ लागले.

माटुंग्याला लेबर कॅम्प नावाची कामगारांची वस्ती होती. अण्णाभाऊ काही काळ तेथे राहिले. दाटीवाटीची घरे, उघडी गटारे आणि रात्री डासांचे थवे. दिवसभर राबून आलेल्या माणसाला डोळा लागू नये, एवढा त्यांचा उच्छाद. दुसऱ्या कोणी कपाळाला हात लावला असता. अण्णाभाऊंनी त्या डासांवरच गीत रचले. त्यांच्या आरंभीच्या रचनांत या गीताची गणना होते. गोष्ट लहान आहे, पण त्यांच्या कलेचे बीज तिच्यात आहे. काव्यात चंद्र, चांदणे आणि कमळे यांनाच स्थान असते, अशी समजूत त्या काळी अनेकांची होती. वस्तीतील माणसाने मात्र प्रथमच आपल्या रोजच्या त्रासाला ठेक्यावर नाचताना पाहिले. तो हसला, आणि हसता हसता त्याला उमगले की हा त्रास आपल्या एकट्याचा नाही.

१९४२ च्या स्वातंत्र्यचळवळीत अण्णाभाऊंनी गावाकडे भाग घेतला. त्यांच्यावर पकडवॉरंट निघाले आणि ते पुन्हा मुंबईला आले. १९४४ साली अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर या दोन शाहिरांसह त्यांनी ‘लाल बावटा’ कलापथक उभे केले. अमर शेख हे बार्शीचे. त्यांनीही गिरणीत काम केले होते, हाल सोसले होते. ही तिघे कम्युनिस्ट विचारांची माणसे होती. कामगारांच्या चळवळीसाठी ती गात. अण्णाभाऊंनी रचावे आणि अमर शेखांनी आपल्या पहाडी आवाजात गावे, असा तो योग होता. अण्णाभाऊ स्वतः पेटी वाजवीत, ढोलकी वाजवीत, बुलबुल वाजवीत. वगात उभे राहून सोंगही वठवीत. गिरणीच्या दाराशी, चाळीच्या पटांगणात, मोकळ्या मैदानात त्यांचा रंगमंच उभा राही. पडदा नसे, रोषणाई नसे. समोर बसलेला माणूस दिवसभराच्या कामाने थकलेला असे. त्याला जागे ठेवणे ही काही सोपी गोष्ट नव्हती.

जुन्या तमाशाची एक ठरलेली रीत होती. आरंभी गण, त्यात गणपतीचे स्तवन. मग गवळण, आणि शेवटी वग. वगात बहुधा राजा, प्रधान आणि राजकन्या असत. अण्णाभाऊंनी हा साचा मोडून टाकला नाही, पण त्यात नवे प्राण ओतले. त्यांच्या गणात मायभूमीला आणि तिच्यासाठी लढलेल्या माणसांना वंदन असे. त्यांच्या वगात राजाच्या जागी शेतकरी आला, कामगार आला, सावकार आला आणि मतांसाठी हात जोडणारा शेटजीही आला. ‘अकलेची गोष्ट’, ‘शेटजींचे इलेक्शन’, ‘माझी मुंबई’ या वगांच्या नावांवरूनच त्यांची जातकुळी कळते. सरकारने लाल बावट्याच्या तमाशांवर बंदी घातली, तेव्हा तीच कला लोकनाट्य या नावाने लोकांसमोर उभी राहिली. लोकांना नावाशी कर्तव्य नव्हते. रंगमंचावर आपण स्वतः दिसतो आहोत, एवढे त्यांना पुरे होते.

येथे एका जुन्या शाहिराची आठवण होते. पठ्ठे बापूराव हे तमाशाचे मोठे कवी. तेही वाळवा तालुक्यातलेच, रेठरे हरणाक्षचे. त्यांनी मुंबईवर लावणी रचली. तिच्यात मुंबईच्या थाटामाटाचे कौतुक आहे. पुढे अण्णाभाऊंनीही ‘मुंबईची लावणी’ रचली. परंतु त्यांनी मुंबई पाहिली होती ती हातात झाडू घेऊन. म्हणून त्यांच्या लावणीत एका बाजूला टेकडीवरच्या श्रीमंतांचे वैभव आहे, तर दुसऱ्या बाजूला ते वैभव निर्माण करणाऱ्यांची काळोखी वस्तीही आहे. एकाच तालुक्यातील दोन कवी, एकच नगरी, परंतु दोन चित्रे. बापूरावांचे चित्र खोटे होते असे नाही. मुंबईला दुसरीही बाजू आहे, आणि ती दाखविण्यासाठी ती भोगलेला माणूस हवा होता.

आता अण्णाभाऊंच्या सर्वांत गाजलेल्या गीताकडे वळू. ‘माझी मैना गावावर राहिली’ ही त्यांची छक्कड. छक्कड म्हणजे लावणीच्याच घराण्यातील एक ठसकेबाज रचना. पोटासाठी मुंबईला निघालेला एक गडी आपल्या पत्नीला गावी ठेवून येतो. निघताना तिचे कासावीस होणे त्याला आठवते. मुंबईत तो इकडून तिकडे भटकतो, परंतु त्याचे चित्त गावातच राहते. गाव सुटल्याचे दुःख अण्णाभाऊंनी स्वतः भोगले होते; घरधनीण मागे ठेवून आलेले शेकडो कामगार त्यांनी शेजारी पाहिले होते. एवढ्यावरच हे गीत थांबले असते तरी ते चांगले गीत ठरले असते. पण ते तेथे थांबत नाही.

तो काळ संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीचा होता. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली. मुंबईसह महाराष्ट्र मिळाला नाही, गुजरातसह मोठे द्विभाषिक राज्य मिळाले. आणि बेळगाव, कारवार हे भाग म्हैसूर राज्यात गेले. मराठी माणसांत असंतोषाचा वणवा पेटला. त्या वेळी अण्णाभाऊंच्या छक्कडीतील मैना पाहता पाहता मोठी झाली. गावी राहिलेली ती एकटी स्त्री आणि महाराष्ट्रापासून तुटलेला मराठी मुलूख या दोघांची दशा एकच, असे शाहिराने सांगितले. बेळगाव, कारवार, डांग, उंबरगाव ही नावे त्या विरहाच्या गीतात आली. अमर शेखांच्या आवाजात ते गीत मैदानामैदानांतून दुमदुमले. ज्याला राज्यपुनर्रचनेचे कलम समजत नव्हते, त्यालाही आपली घरधनीण दूर असल्याचे दुःख समजत होते. त्या दुःखाच्या वाटेने त्याला सारा प्रश्न समजला.

यांतील उंबरगाव हा त्या वेळी ठाणे जिल्ह्यातील तालुका होता. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले, मुंबई महाराष्ट्राची झाली. परंतु उंबरगाव तालुक्यातील बरीचशी गावे गुजरातमध्ये गेली. म्हणजे त्या गीतातील विरहाचा एक धागा ठाणेकरांच्या अंगणातूनच गेला होता. ज्या दिवशी सारा महाराष्ट्र आनंदाने गुढ्या उभारीत होता, त्या दिवशी कोठेतरी एक मैना गावावर राहिलीच.

येथे एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. दुःख सर्वांनाच असते. दुःख आहे म्हणून कोणी कलावंत होत नाही. आपले रडगाणे गाणारी माणसे गावोगाव भेटतात, आणि लोक त्यांना टाळतात. अण्णाभाऊंना लोक टाळीत नव्हते, उलट त्यांना ऐकण्यासाठी कोसकोस चालत येत. याचे कारण असे की त्यांनी अनुभवाला कलेची बैठक दिली. लहानपणी पाठ केलेल्या लावण्या, फडात घोटलेला ताल, लोकांच्या तोंडची रसरशीत बोली, हे सारे त्यांनी कष्टाने कमावले होते. दुसरे कारण त्याहून मोठे आहे. आपली कथा सांगताना त्यांनी कोणाची कीव मागितली नाही. ‘माझे पाहा किती वाईट झाले’ असा त्यांचा सूर नव्हता. ‘आपले असे का झाले आणि आता आपण काय करायचे’ असा होता. ‘मी’ पासून निघून ‘आपण’ पर्यंत जाणे, हा त्यांच्या कलेचा प्रवास. वाटेगावापासून मुंबईपर्यंतच्या पायी प्रवासाहून तो अवघड होता.

पुढे अण्णाभाऊंनी कथा लिहिल्या, सुमारे पस्तीस कादंबऱ्या लिहिल्या. १९५९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘फकिरा’ या कादंबरीला राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला. उपाशी लोकांसाठी इंग्रज सत्तेशी झुंजणाऱ्या एका मातंग वीराची ती कथा. ती त्यांनी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या लेखणीला अर्पण केली. १९५८ साली मुंबईत भरलेल्या पहिल्या दलित साहित्य संमेलनाचे उद्घाटन त्यांच्या हस्ते झाले. पृथ्वीचा भार शेषाच्या मस्तकावर नसून कष्टकऱ्यांच्या तळहातावर आहे, अशा आशयाचा विचार त्यांनी तेथे मांडला. १९६१ साली ते रशियाला जाऊन आले आणि त्या प्रवासावर त्यांनी पुस्तक लिहिले. दीड दिवस शाळेत गेलेल्या माणसाच्या कथा परभाषांत गेल्या, विद्यापीठांत अभ्यासल्या जाऊ लागल्या.

एवढे होऊनही लक्ष्मी त्यांच्या घरी आली नाही. घाटकोपरच्या चिरागनगरातील झोपडीत त्यांनी आयुष्याची अनेक वर्षे काढली. त्यांची कितीतरी पुस्तके त्या झोपडीत जन्मास आली. उत्तरायुष्यात त्यांना गोरेगावच्या सिद्धार्थनगरात शासनाकडून लहानसे घर मिळाले. तेथेच १८ जुलै १९६९ रोजी, वयाची पन्नाशीही गाठण्यापूर्वी, त्यांचे निधन झाले. ज्या महाराष्ट्राने त्यांच्या गीतांवर डोलून टाळ्या दिल्या, त्या महाराष्ट्राने त्यांच्या चुलीची विचारपूस केली नाही, ही गोष्ट खाली मान घालूनच सांगावी लागते. २००२ साली १ ऑगस्टला भारत सरकारने त्यांच्या सन्मानार्थ टपाल तिकीट काढले. त्याची किंमत चार रुपये होती. पत्रावर चिकटून त्यांचे चित्र गावोगाव गेले. पायी निघालेल्या मुलाचा प्रवास असा चालूच राहिला.

आजही १ ऑगस्टला महाराष्ट्रातील गावोगावी, वस्तीवस्तीत त्यांची जयंती साजरी होते. हलगी कडाडते, ढोलकी घुमते आणि एखादा तरुण गायक ती मैनेची छक्कड गातो. ठाणे, कल्याण, डोंबिवली येथे ते गीत ऐकणाऱ्यांत अनेकांचे आजोबा घाट उतरूनच आलेले असतात. काहींनी नातवंडांना गावच्या गोष्टी सांगितल्या. काहींनी कधी तोंडही उघडले नाही. गाणे रंगात येते, तेव्हा एखादे आजोबा खुर्चीतल्या खुर्चीत पायाने ठेका धरतात आणि उपरण्याने हळूच डोळे टिपतात. शेजारी बसलेला नातू विचारतो, ‘आजोबा, तुम्हीही असेच आला होता का?’

मग आजोबा सांगू लागतात. कोणते गाव, कोणते वर्ष, बरोबर कोण होते, वेशीवर कोण उभे होते आणि फडक्यात काय बांधून दिले होते. इतकी वर्षे बांधून ठेवलेल्या शिदोरीची गाठ त्या एका गीताने सैल झालेली असते.